दूरचित्रवाणीच्या आरंभकाळातील एक दुय्यम कलावती : 'डॅगमार' हिच्या कारकिर्दीचा ऐतिहासिक अभ्यास

सारांश

अमेरिकेतील एनबीसी या प्रसारण संस्थेच्या 'ब्रॉडवे ओपन हाउस' (१९५०-५१) या रात्रीच्या विविधरंजन कार्यक्रमातून 'डॅगमार' या नावाने प्रसिद्धीस आलेली व्हर्जिनिया रूथ एग्नॉर (१९२१-२००१) ही दूरचित्रवाणीच्या इतिहासात तळटीपेपुरतीच उरली आहे. प्रस्तुत निबंधात तिच्या कारकिर्दीचा कालक्रमानुसार आढावा घेतला असून 'दुय्यम कलावंत' हे स्थान व्यक्तीच्या गुणवत्तेतून निर्माण होते की कार्यक्रमाच्या रचनेतून, या प्रश्नाचा विचार केला आहे. तिच्या कामाचे चित्रमुद्रण अत्यल्प टिकले, तर तिची छायाचित्रे विपुल टिकली. या असमतोलाचा तिच्या ऐतिहासिक प्रतिमेवर झालेला परिणामही येथे तपासला आहे.

बीजशब्द : दूरचित्रवाणीचा इतिहास, विविधरंजन, गप्पांचा कार्यक्रम, दुय्यम कलावंत, स्त्रीप्रतिमा, इतिहासाची साधने.

१. प्रस्तावना

दूरचित्रवाणीचा इतिहास लिहिताना अभ्यासकांचे लक्ष सामान्यतः तीन घटकांकडे जाते : तंत्रज्ञान, प्रसारण संस्था आणि कार्यक्रमांचे प्रमुख सूत्रधार. रात्री उशिराच्या गप्पांच्या कार्यक्रमांचा अमेरिकेतील इतिहासही याच पद्धतीने लिहिला गेला आहे. स्टीव्ह ॲलन (१९५४), जॅक पार (१९५७) आणि जॉनी कार्सन (१९६२) अशी सूत्रधारांची परंपरा सांगितली जाते आणि त्यांच्या अवतीभवती बसणाऱ्या, गाणाऱ्या, हसवणाऱ्या माणसांची नावे जाता जाता घेतली जातात. एखाद्या राजघराण्याच्या बखरीसारखीच ही मांडणी आहे. गादीवर कोण बसला हे त्यात कळते, दरबार कसा चालत होता हे कळत नाही.

डॅगमार ही या दरबारातील पहिली ठळक व्यक्ती होय. ती सूत्रधार नव्हती, लेखिका नव्हती, निर्माती नव्हती. वाद्यवृंदाशेजारी एका उंच स्टुलावर बसणे आणि सांगितलेल्या वेळी निर्विकार चेहऱ्याने काही वाचून दाखवणे, एवढेच तिचे काम होते. तरीही वर्षभराच्या आत ती अमेरिकेतील सर्वाधिक चर्चिल्या गेलेल्या दूरचित्रवाणी कलावंतांपैकी एक झाली आणि पुढील काही वर्षांत तितक्याच वेगाने मागे पडली.

प्रस्तुत निबंधाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत : (१) डॅगमारच्या कारकिर्दीची कालक्रमानुसार मांडणी करणे, (२) कार्यक्रमाच्या रचनेतील तिच्या स्थानाचे विश्लेषण करणे, आणि (३) उपलब्ध साधनांच्या स्वरूपामुळे तिच्या प्रतिमेला कोणते वळण मिळाले हे पाहणे.

२. पार्श्वभूमी : १९५० मधील अमेरिकी दूरचित्रवाणी

डॅगमारची प्रसिद्धी समजण्यासाठी त्या काळातील दूरचित्रवाणीचा आवाका ध्यानी घ्यावा लागतो. १९५० साली अमेरिकेतील जेमतेम ९ टक्के घरांत दूरचित्रवाणी संच होता. १९५५ पर्यंत हे प्रमाण सुमारे ६५ टक्क्यांवर आणि १९६० पर्यंत ८७ टक्क्यांवर गेले. सप्टेंबर १९४८ मध्ये फेडरल कम्युनिकेशन्स कमिशनने नव्या केंद्रांना परवाने देणे थांबवले आणि ही बंदी एप्रिल १९५२ पर्यंत कायम राहिली. त्यामुळे जवळपास चार वर्षे देशभरात शंभरेक केंद्रेच होती आणि अनेक मोठ्या शहरांत एकही केंद्र नव्हते. पूर्व किनाऱ्यावरून पश्चिम किनाऱ्यापर्यंत थेट प्रक्षेपण सप्टेंबर १९५१ मध्ये शक्य झाले. सॅन फ्रान्सिस्को येथील जपान शांतता परिषदेतील राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांचे भाषण हे त्याचे पहिले मोठे निमित्त ठरले. 'ब्रॉडवे ओपन हाउस' त्यापूर्वीच, ऑगस्टमध्ये बंद झाला होता.

याचा अर्थ असा की, डॅगमारचा कार्यक्रम ज्या काळात चालू होता त्या संपूर्ण काळात देशातील बहुसंख्य लोकांना तो घरबसल्या पाहणे शक्यच नव्हते. हा मुद्दा पुढील विवेचनात महत्त्वाचा ठरणार आहे.

त्या काळी रात्री अकरानंतरची वेळ प्रसारण संस्थांच्या दृष्टीने जवळजवळ रिकामी होती. १९४९ मध्ये एनबीसीमध्ये आलेल्या सिल्व्हेस्टर 'पॅट' वीव्हर याने ही वेळ भरून काढण्याचे ठरवले. सकाळचा 'टुडे' (१९५२) आणि रात्रीचा 'टुनाइट' (१९५४) हे त्याच्याच कल्पनेतून पुढे आलेले कार्यक्रम दीर्घायुषी ठरले. 'ब्रॉडवे ओपन हाउस' हा या मालिकेतील पहिला, काहीसा घाईचा प्रयोग होता. त्यासाठी निवडलेला विनोदकार डॉन हॉर्न्सबी याचे पहिल्या प्रक्षेपणाच्या सुमारे एक आठवडा आधी पोलिओने निधन झाले. शेवटी २९ मे १९५० रोजी कार्यक्रम सुरू झाला तेव्हा आठवड्यातील दोन रात्री मोरी ॲमस्टरडॅम आणि तीन रात्री जेरी लेस्टर अशी विभागणी करण्यात आली. ॲमस्टरडॅम काही महिन्यांतच बाहेर पडला आणि लेस्टर हाच कार्यक्रमाचा मुख्य चेहरा झाला.

३. वेस्ट व्हर्जिनिया ते ब्रॉडवे

व्हर्जिनिया रूथ एग्नॉर हिचा जन्म २९ नोव्हेंबर १९२१ रोजी वेस्ट व्हर्जिनिया राज्यातील यॉकी या छोट्या गावी झाला. तिचे शिक्षण हंटिंग्टन शहरात झाले. औषधाच्या दुकानातील रोखपाल, उपाहारगृहातील वाढपी अशी कामे तिने केली. १९४१ मध्ये अँजेलो लुईस या नौदल अधिकाऱ्याशी विवाह झाल्यानंतर ती न्यूयॉर्कला आली आणि छायाचित्रकारांसाठी स्वेटरच्या जाहिरातींची मॉडेल म्हणून काम करू लागली. रंगभूमीचा पूर्वानुभव किंवा प्रशिक्षण तिच्याजवळ नव्हते.

१९४४ मध्ये ओल्सन आणि जॉन्सन या विनोदी जोडीच्या 'लाफिंग रूम ओन्ली' या ब्रॉडवेवरील रंजनप्रयोगात तिला 'जेनी लुईस' या नावाने काम मिळाले. पुढे १९४६ मध्ये रंगमंचावर आलेल्या 'बर्लेस्क' या नाटकात ती बर्ट लार या ज्येष्ठ विनोदी नटासोबत होती. या दोन्ही उल्लेखांना चरित्रनोंदीत सहसा एखादे वाक्य मिळते. परंतु विनोदी अभिनयाच्या दृष्टीने हा कालखंड दुर्लक्षण्याजोगा नाही. ओल्सन-जॉन्सन यांचे प्रयोग वेगवान, अनियोजित भासणाऱ्या गोंधळावर आधारलेले असत, तर बर्ट लार हा जुन्या विविधरंजन रंगभूमीत तयार झालेला नट होता. अशा नटांच्या सहवासात रात्रीमागून रात्री उभे राहिलेल्या व्यक्तीला हशा केव्हा उसळतो, केव्हा थांबावे आणि दुसऱ्याच्या वाक्याला जागा कशी द्यावी, याचे शिक्षण आपोआप मिळत असते. १९५० मध्ये लेस्टरने तिला घेतले तेव्हा ती नवखी नव्हती. रंगभूमीवरील कामाची सहा वर्षांची पार्श्वभूमी तिच्यामागे होती.

४. नामकरण

लेस्टरने तिला 'डॅगमार' हे नाव दिले. हे नाव निवडण्यामागे एक विनोद होता. सीबीएस या प्रतिस्पर्धी संस्थेवर जुलै १९४९ पासून 'ममा' ही कौटुंबिक मालिका सुरू होती. सॅन फ्रान्सिस्कोमध्ये स्थायिक झालेल्या एका नॉर्वेजियन कुटुंबाची कथा तीत सांगितली जात असे आणि त्या कुटुंबातील धाकट्या मुलीचे नाव डॅगमार होते. घरगुती सोज्वळतेचे प्रतीक असलेल्या बालिकेचे नाव रात्रीच्या कार्यक्रमातील तंग व खोल गळ्याचा पोशाख घातलेल्या स्त्रीला देणे, हाच त्यातील विनोद.

१९५० पासून त्या मालिकेत डॅगमारची भूमिका करणारी बालअभिनेत्री म्हणजे रॉबिन मॉर्गन. हीच मॉर्गन पुढे अमेरिकी स्त्रीवादी चळवळीची एक अग्रणी झाली. सप्टेंबर १९६८ मध्ये अटलांटिक सिटी येथे मिस अमेरिका सौंदर्यस्पर्धेच्या विरोधात झालेल्या निदर्शनांच्या आयोजनात तिचा प्रमुख वाटा होता आणि १९७० मध्ये 'सिस्टरहुड इज पॉवरफुल' हा लेखसंग्रह तिने संपादित केला. एकाच वर्षी, एकाच नावाने, दोन प्रतिस्पर्धी वाहिन्यांवर दोन 'डॅगमार' वावरत होत्या. एक आदर्श कन्या, दुसरी देहप्रदर्शनाची वस्तू. दोन्ही भूमिका पुरुषप्रधान व्यवस्थेने स्त्रीसाठी आखून ठेवलेल्या होत्या. त्यांपैकी पहिली भूमिका करणारी मुलगी पुढे त्या आखणीविरुद्ध उभी राहिली. दुसरीने आयुष्यभर त्याच नावावर उपजीविका केली. हा योगायोग असला तरी त्या काळातील स्त्रीप्रतिमांची कक्षा किती अरुंद होती हे त्यातून स्पष्ट होते.

नामकरणाचा आणखी एक पैलू आहे. रूथ एग्नॉर, व्हर्जिनिया लुईस, जेनी लुईस आणि डॅगमार अशी नावे तिने धारण केली. यातील शेवटचे नाव सूत्रधाराने दिले, तेही दुसऱ्या कार्यक्रमातून उसने घेऊन. ज्या नावाने ती प्रसिद्ध झाली ते निवडण्यात तिचा वाटा नव्हता.

५. भूमिकेचे स्वरूप

डॅगमारची भूमिका 'अक्कलशून्य सुंदरी' या परिचित साच्यातील होती. हा साचा त्या काळी विशेष चलनात होता. 'बॉर्न येस्टर्डे' हे नाटक १९४६ मध्ये ब्रॉडवेवर आले. त्यावरील १९५० च्या चित्रपटासाठी जूडी हॉलिडे हिला ऑस्कर पारितोषिक मिळाले. 'जंटलमेन प्रिफर ब्लाँड्स' हे संगीत नाटक कॅरल चॅनिंग हिला घेऊन १९४९ मध्ये रंगमंचावर आले आणि १९५३ मध्ये त्याचा मेरिलिन मन्रोचा चित्रपट निघाला. या सर्व कलाकृतींत साच्यातील स्त्री हळूहळू आपल्या हुशारीचा प्रत्यय देते. कथानकच तिला ती संधी देते. डॅगमारच्या वाट्याला कथानक नव्हते. तिला एक स्टूल, एक पोशाख आणि काही मिनिटे एवढेच मिळाले होते.

त्या मिनिटांत ती करीत असे ते काम वरवर पाहता साधे होते. गंभीर मुद्रेने, कोणताही चढउतार न करता, ती कविता किंवा निबंधवजा मजकूर वाचीत असे. मजकुरातील शब्दांना येणारा दुहेरी अर्थ प्रेक्षकांना कळे, वाचणाऱ्या व्यक्तीला मात्र तो कळत नाही असे भासे. निर्विकार विनोदाचे हे तत्त्व सर्व रंगपरंपरांना ठाऊक आहे : बोलणाऱ्याने हसायचे नाही, कळले आहे असे दाखवायचे नाही आणि प्रेक्षकांचे हसू ओसरण्याच्या नेमक्या क्षणी पुढचे वाक्य उच्चारायचे. आठवड्यातील अनेक रात्री, थेट प्रक्षेपणात, चूक सुधारण्याची सोय नसताना हे करणे हे कौशल्याचे काम आहे. न कळण्याचा अभिनय करण्यासाठी सारे काही कळलेले असावे लागते.

तिच्या कामाचे मोल संस्थेला कळले होते याचा पुरावा वेतनात सापडतो. प्रारंभी तिला आठवड्याला ७५ डॉलर मिळत असत. लोकप्रियता वाढल्यावर ही रक्कम १,२५० डॉलरवर गेल्याची नोंद तिच्या चरित्रपर लेखनात आढळते. सुमारे वर्षभरात सोळापटीहून अधिक झालेली ही वाढ केवळ 'शोभेच्या' व्यक्तीला देण्यात आली असेल असे म्हणणे कठीण आहे.

६. सूत्रधार आणि सहायक : रचनेतील संघर्ष

विविधरंजन कार्यक्रमात सहायकाचे स्थान एका अंतर्विरोधावर उभे असते. त्याने सूत्रधाराला उठाव द्यावा, पण स्वतः उठून दिसू नये. तो निष्प्रभ असेल तर निरुपयोगी ठरतो आणि प्रभावी असेल तर धोकादायक. लेस्टर आणि डॅगमार यांच्या बाबतीत हा अंतर्विरोध काही महिन्यांतच उघड झाला. वृत्तपत्रांचे आणि प्रेक्षकांचे लक्ष सूत्रधारावरून स्टुलावरील स्त्रीकडे वळले. लेस्टरने बार्बरा निकल्स या दुसऱ्या सोनेरी केसांच्या अभिनेत्रीला 'ॲगथॉन' असे तितकेच विचित्र नाव देऊन कार्यक्रमात आणले. या कृतीचा अर्थ स्पष्ट आहे. त्याच्या मते ते स्थान हे व्यक्तीचे नव्हते, एका साच्याचे होते आणि साच्यात दुसरी व्यक्ती बसवता येत होती. प्रेक्षकांचा अनुभव मात्र वेगळा निघाला. ॲगथॉन डॅगमारची जागा घेऊ शकली नाही. व्यक्तीच्या कर्तृत्वाचा याहून सरळ पुरावा मिळणे अवघड आहे.

मे १९५१ मध्ये लेस्टर आपलाच कार्यक्रम सोडून गेला. त्यानंतर जॅक ई. लेनर्ड हा विनोदकार सूत्रधार म्हणून आला. परंतु कार्यक्रम सावरला नाही आणि २४ ऑगस्ट १९५१ रोजी तो बंद झाला.

ही घटना अपवादात्मक नव्हती, हे पुढील इतिहासावरून दिसते. १९५७ मध्ये जॅक पारने 'टुनाइट' हाती घेतला तेव्हा डोडी गुडमन ही नृत्यांगना-अभिनेत्री भाबड्या, विसंगत बोलण्याने अल्पावधीत प्रेक्षकप्रिय झाली. सूत्रधाराशी बेबनाव होऊन १९५८ मध्ये तिला तो कार्यक्रम सोडावा लागला. याउलट पारचा निवेदक ह्यू डाउन्स पुढे 'टुडे'चा सूत्रधार झाला आणि कार्सनचा सहायक एड मॅकमॅहन १९६२ पासून १९९२ पर्यंत, तब्बल तीस वर्षे त्याच्या शेजारी बसून राहिला. पुरुष सहायकाला निवेदक म्हणून एक व्यावसायिक पद होते. त्या पदाला स्थैर्य आणि बढतीची वाट होती. स्त्री सहायकाला असे पद नव्हते. ती एक 'प्रकार' म्हणून घेतली जात असे आणि प्रकार जुना झाला की तिची गरज संपे.

येथे फे एमर्सन हिची तुलना उद्बोधक ठरते. चित्रपट व रंगभूमीवरील ही अभिनेत्री राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांची काही काळ सून होती. डॅगमारच्याच काळात ती स्वतःच्या नावाचा पंधरा मिनिटांचा गप्पांचा कार्यक्रम करीत असे. तिच्या पोशाखाच्या गळ्याविषयीही वृत्तपत्रांत पुष्कळ चर्चा झाली. पण एमर्सन स्वतःच्या नावाने आणि स्वतःच्या बुद्धीने बोलत होती. पाहुण्यांना प्रश्न विचारण्याचा अधिकार तिच्याकडे होता. पोशाख सारखाच, स्थान भिन्न. तेव्हा डॅगमारचे दुय्यमत्व तिच्या पोशाखातून किंवा बुद्धिमत्तेतून आलेले नसून प्रश्न विचारण्याचा अधिकार नसण्यातून आलेले होते, असे म्हणता येते.

७. प्रसिद्धीची रूपांतरे

१६ जुलै १९५१ रोजी 'लाइफ' साप्ताहिकाने डॅगमारचे छायाचित्र मुखपृष्ठावर छापले. ते आल्फ्रेड आइझेनस्टाट या ख्यातनाम छायाचित्रकाराने घेतले होते. 'लाइफ'चा खप त्या सुमारास पन्नास लाखांहून अधिक होता आणि एकेक अंक अनेक हातांतून फिरत असे. कार्यक्रम घरी पाहू न शकणाऱ्या बहुसंख्य अमेरिकी नागरिकांना डॅगमार भेटली ती अशी, छापील पानावर. तिचा आवाज, तिची वाक्ये आणि तिचे थांबणे त्यांच्यापर्यंत पोहोचले नाही. तिचे चित्र पोहोचले.

त्याच वर्षी तिने फ्रँक सिनात्राच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात काम केले. कोलंबिया या ध्वनिमुद्रिका संस्थेचा निर्माता मिच मिलर याने ही संधी साधून दोघांचे 'ममा विल बार्क' हे कुत्र्यांच्या भुंकण्याच्या नकलांनी युक्त असे गमतीदार गीत ध्वनिमुद्रित केले. ज्या मुद्रिकेवर ते निघाले तिच्या दुसऱ्या बाजूस 'आय'म अ फूल टू वाँट यू' हे सिनात्राचे अत्यंत आर्त गीत होते. सिनात्राच्या चरित्रकारांनी पहिल्या गीताला त्याच्या कारकिर्दीतील नीचांक ठरवले आहे. डॅगमारच्या दृष्टीने पाहता हा न्याय अजब आहे. एका नामवंत गायकाच्या पडत्या काळाचे प्रतीक म्हणून तिचे नाव त्या चरित्रांत येते. तिच्या बाजूने ते काम काय होते, याचा विचार तेथे होत नाही. दुय्यम कलावंताची नोंद दुसऱ्याच्या चरित्रात, आणि तीही दोषारोपाच्या स्वरूपात होते, याचे हे नमुनेदार उदाहरण आहे.

तिसरे रूपांतर मोटारगाडीचे. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या अमेरिकी मोटारींच्या, विशेषतः कॅडिलॅकच्या, पुढील बंपरवर शंकूच्या आकाराचे दोन धातूचे उंचवटे असत. जनरल मोटर्सचा रचनाकार हार्ली अर्ल याच्या मनात त्या वेळी तोफगोळ्याची प्रतिमा होती. लोकांनी मात्र त्यांना 'डॅगमार' म्हणावयास सुरुवात केली. १९५० च्या दशकात हे उंचवटे आकाराने वाढत गेले, १९५७ च्या कॅडिलॅकवर त्यांच्या टोकांना काळे रबर आले आणि दशकाच्या अखेरीस ते नाहीसे झाले. जुन्या मोटारींच्या संग्राहकांच्या बोलीत तो शब्द आजही प्रचलित आहे. म्हणजे मालिकेतील बालिकेचे नाव स्त्रीला आणि स्त्रीचे नाव लोखंडाला, असा या नावाचा प्रवास झाला. तो शब्द वापरणाऱ्यांपैकी अनेकांना त्यामागे एक जिवंत कलावती होती याची कल्पनाही नसते.

८. स्वतंत्र कार्यक्रम आणि उतार

लोकप्रियतेच्या बळावर १९५२ मध्ये एनबीसीने तिला 'डॅगमार्स कँटीन' हा स्वतंत्र कार्यक्रम दिला. शनिवारी मध्यरात्रीनंतर प्रक्षेपित होणाऱ्या या कार्यक्रमात ती गात असे, विनोदी प्रसंग सादर करीत असे आणि सैनिकांच्या मुलाखती घेत असे. प्रेक्षकांतील सैनिकांनाच प्रसंगांतील भूमिका देण्याची त्यात पद्धत होती. कोरियातील युद्ध चालू असल्यामुळे या कल्पनेला काळाचा संदर्भ होता. तिची बहीण जीन हीदेखील कार्यक्रमात सहभागी होती. डॅगमारला प्रश्न विचारण्याचा अधिकार अखेर मिळाला, परंतु तो अत्यंत गैरसोयीच्या वेळी. काही महिन्यांतच हा कार्यक्रम बंद झाला.

याच वर्षी दूरचित्रवाणीचे नैतिक वातावरणही बदलत होते. प्रसारकांच्या राष्ट्रीय संघटनेने डिसेंबर १९५१ मध्ये स्वीकारलेली आचारसंहिता १ मार्च १९५२ पासून लागू झाली. कलावंतांचा पोशाख मर्यादशील असावा आणि घरातील प्रेक्षकांना संकोच वाटेल अशा रीतीने देहावर भर देऊ नये, असे कलम तीत होते. त्याच वर्षी प्रतिनिधी सभेच्या उपसमितीने सदस्य गॅदिंग्ज यांच्या ठरावानुसार नभोवाणी व दूरचित्रवाणीवरील कार्यक्रमांच्या नैतिकतेची चौकशी केली. परवानाबंदी उठून नवी केंद्रे निघत होती, संच मध्यमवर्गीय कुटुंबांच्या बैठकीच्या खोलीत पोहोचत होता आणि जाहिरातदारांना संपूर्ण कुटुंब प्रेक्षक म्हणून हवे होते. न्यूयॉर्कच्या रात्रमंडळांतून आलेला विनोद या नव्या प्रेक्षकाला मानवणारा नव्हता. डॅगमारच्या उतारामागे हा एकच घटक होता असे नव्हे. साचेबंद भूमिकेचे नावीन्य ओसरणे हेही तितकेच महत्त्वाचे कारण होते. परंतु ज्या माध्यमाने तिला विशिष्ट पोशाखात उभे केले, त्याच माध्यमाने वर्ष-दोन वर्षांत तो पोशाख अनुचित ठरवला, हा कालक्रम लक्षणीय आहे.

पुढील काळात तिने मिल्टन बर्ल व बॉब होप यांच्या कार्यक्रमांत हजेरी लावली, 'मास्करेड पार्टी' या ओळखस्पर्धेच्या कार्यक्रमात परीक्षकमंडळावर काम केले, माइक डग्लस याच्या गप्पांच्या कार्यक्रमात पाहुणी म्हणून भाग घेतला आणि लास व्हेगास व उन्हाळी नाट्यसंचांत दीर्घकाळ प्रयोग केले. नट डॅनी डेटन आणि नंतर वाद्यवृंदप्रमुख डिक हाइंड्स यांच्याशी तिचे विवाह झाले. १९९६ मध्ये ती वेस्ट व्हर्जिनियात परतली आणि ९ ऑक्टोबर २००१ रोजी सरीडो येथे वयाच्या ७९ व्या वर्षी तिचे निधन झाले. राष्ट्रीय प्रसिद्धीची दोन वर्षे वगळली तरी तिने दशकानुदशके रंगमंचावर पोट भरले. एका व्यावसायिक कलावंताच्या दृष्टीने याला अपयश म्हणता येणार नाही.

९. साधनांचा प्रश्न

चित्रफीतयंत्र १९५६ मध्ये बाजारात आले. तत्पूर्वी थेट कार्यक्रम जतन करण्याचा एकच मार्ग होता : पडद्यावर उमटणारे चित्र चलचित्र कॅमेऱ्याने टिपणे. अशा 'किनेस्कोप' प्रतींचा उपयोग प्रामुख्याने दूरच्या केंद्रांना कार्यक्रम पाठवण्यासाठी होई. त्या भावी इतिहासासाठी काढल्या जात नसत. 'ब्रॉडवे ओपन हाउस'च्या रोज रात्रीच्या, वर्षाहून अधिक काळ चाललेल्या प्रक्षेपणांपैकी मोजक्याच प्रती टिकल्या. पुढे चित्रफिती आल्यावरही परिस्थिती सुधारली नाही. फिती महाग असल्याने पुसून पुन्हा वापरल्या गेल्या आणि कार्सनच्या पहिल्या दशकातील बहुतांश कार्यक्रमही अशाच रीतीने नष्ट झाले.

याउलट छायाचित्रे सुरक्षित राहिली. साप्ताहिकांचे संग्रह जपले गेले, कारण त्यांना व्यापारी मूल्य होते. परिणामी डॅगमारविषयी अभ्यासकांसमोर येणारी साधने एकाच बाजूला झुकलेली आहेत. छायाचित्रात देह दिसतो, वेळेचे भान दिसत नाही. ओठ दिसतात, वाक्यामधील विराम ऐकू येत नाही. तिच्यावरील लिखाणात देहमापांचा उल्लेख जवळजवळ अपरिहार्य असतो, तर विनोदी अभिनयाचे विश्लेषण क्वचितच आढळते. यात लेखकांचा दृष्टिदोष आहेच. पण जे टिकले त्यावरच लिहिले गेले, हेही खरे आहे. साधनांनी जपले ते कलावंताचे सर्वस्व होते असा निष्कर्ष काढणे म्हणजे संग्रहालयातील रिकामी मखर पाहून पूजेचे वर्णन करण्यासारखे आहे.

अशा वेळी इतिहासकाराने अप्रत्यक्ष पुराव्यांकडे वळले पाहिजे. वेतनातील वाढ, प्रतिस्पर्धी अभिनेत्री आणण्याचा फसलेला प्रयत्न, सूत्रधाराचे निघून जाणे, पुढील काळातील दीर्घ रंगमंचीय उपजीविका, ही सर्व माहिती विखुरलेली असली तरी ती एकत्र ठेवल्यावर तिच्या कामाची गुणवत्ता अनुमानाने सिद्ध होते.

१०. समारोप

वरील विवेचनातून पुढील निष्कर्ष निघतात. पहिला, डॅगमारचे दुय्यमत्व हे कार्यक्रमाच्या रचनेतून निर्माण झाले होते. नाव, संहिता, आसन आणि प्रश्न विचारण्याचा अधिकार या चारही गोष्टी प्रारंभी दुसऱ्याच्या हाती होत्या. दुसरा, या रचनेत तिने मिळालेल्या अल्प अवकाशाचा प्रभावी वापर केला आणि त्या प्रभावामुळेच रचना अस्थिर झाली. तिसरा, तिची राष्ट्रव्यापी प्रसिद्धी मोठ्या प्रमाणात मुद्रित माध्यमांतून घडली. तिची प्रतिमा प्रत्यक्ष कामापासून तुटली ती येथेच. चौथा, साधनांच्या असमान जतनामुळे ही तूट कालांतराने पक्की झाली.

डॅगमारची भूमिका आजच्या दृष्टीने समर्थनीय मानता येणार नाही. स्त्रीच्या अज्ञानावर आणि देहावर उभारलेला तो विनोद होता आणि मॉर्गनच्या पिढीने त्याविरुद्ध उठवलेला आवाज रास्त होता. परंतु भूमिकेवरील टीका आणि ती भूमिका करणाऱ्या श्रमिक स्त्रीची उपेक्षा या दोन भिन्न गोष्टी आहेत. औषधाच्या दुकानात रोखपालाचे काम केलेल्या एका स्त्रीने, उपलब्ध असलेल्या थोड्या वाटांपैकी एक वाट निवडून, ती कौशल्याने चालून दाखवली. तिच्या नावाने ओळखले जाणारे मोटारीचे उंचवटे संग्राहकांनी काळजीपूर्वक घासूनपुसून जपले आहेत. तिच्या अभिनयाच्या ज्या थोड्या किनेस्कोप प्रती उरल्या आहेत, त्यांचा विनोदी अभिनयाची साधने म्हणून अभ्यास होणे हे माध्यमांच्या इतिहासकारांपुढील काम आहे.